दाव्यातले कागद आणि आपली बाग

(रौप्यमहोत्सवी सोहळ्यात सोसायटीच्या पहिल्या सेक्रेटरींनी केलेल्या भाषणाचा मजकूर. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे. – स्मरणिका समिती)



समितीने मला सांगितलं, "काका, दाव्याविषयी बोला, पण वीस मिनिटांत आटपा. नऊला पंगत आहे." दावा आठ वर्षं चालला. वीस मिनिटांत तो बसायचा नाही. म्हणून मी त्यातला एकच भाग घेतो, कागदांचा. समोरच्याकडे कागद कसे मागितले आणि आपले कागद कसे दाखवले, एवढंच. त्यात माझी स्वतःची एक चूक आहे. ती जुन्या मंडळींना ठाऊक आहे, नव्या मंडळींना नाही. आज ज्या बागेत हा मांडव घातलाय, तिथेच ती सांगितलेली बरी.

आपली सोसायटी 1999 साली नोंदली गेली. तेव्हा ही बाग नव्हती. सी विंगच्या मागे बिल्डरची पत्र्याची शेड होती. निम्म्यात सिमेंटचं गोदाम, निम्म्यात त्याचं ऑफिस. आपल्या इमारती पूर्ण झाल्या तरी शेड उभीच, कारण शेजारच्या प्लॉटवर त्याचं दुसरं काम चालू होतं. मार्च 2001 मध्ये त्याने सोसायटीला पत्र दिलं, की शेजारचं काम पुरं होईपर्यंत शेड राहू द्यावी. आपण त्याच्याकडून घरं घेतलेली, गळतीची कामं अजून करून घ्यायची होती. वाईटपणा कशाला घ्या, असं सगळ्यांचंच मत पडलं.

समितीची ती सभा 14 मार्च 2001 ला, बुधवारी रात्री झाली. तारीख पाठ आहे, कारण त्या दिवशी ईडन गार्डनवर लक्ष्मण आणि द्रविड दिवसभर आउट झाले नव्हते. सभेत अर्धा वेळ त्याचीच चर्चा. मी सेक्रेटरी. घाईघाईत मिनिट बुकात लिहिलं, की बिल्डर यांच्या 12 मार्चच्या पत्रावर चर्चा झाली, सी विंगमागील जागेतील शेड वापरण्यास सोसायटीची हरकत नाही, ठराव सर्वानुमते मंजूर. खाली माझी सही.

"काम पुरं होईपर्यंत" हे तीन शब्द मी लिहिले नाहीत. पत्रात होते, सभेत बोलले गेले होते, वहीत आले नाहीत.

पुढे शेजारची इमारत झाली, तिथे लोक राहायला आले, तरी शेड तिथेच. मग गोदामाच्या जागी त्याने एका फर्निचरवाल्याला भाड्याने बसवलं. आपण तोंडी सांगितलं, पत्रं लिहिली, शेवटी 2009 साली वकिलामार्फत नोटीस देऊन परवानगी काढून घेतली. 2010 मध्ये कल्याणच्या दिवाणी न्यायालयात दावा लावला. मंजूर नकाशात ही जागा मोकळी, बागेसाठी दाखवलेली आहे, शेड काढून जागा मोकळी करून मिळावी आणि 2001 पासूनची नुकसानभरपाई मिळावी, अशी मागणी होती. डीम्ड कन्व्हेयन्सचं काम त्याच सुमारास वेगळं चाललं होतं. त्याची हकीकत अध्यक्षांनी याच स्मरणिकेत लिहिली आहे.

बिल्डरने आपल्या कैफियतीत लिहिलं, की जागेचा कायमचा वापर करण्याचा हक्क मी राखून ठेवलेला आहे आणि सोसायटीच्या संमतीनेच मी ती वापरतो आहे. संमती कधी दिली, कोणत्या कागदाने दिली, यावर एक अक्षर नव्हतं.

आता कागदांचा भाग.

आपल्यापैकी बहुतेकांना कोर्ट सिनेमात पाहून माहीत. ऐनवेळी कोणीतरी धावत येतो, हातात लिफाफा, आणि केस फिरते. प्रत्यक्षात दिवाणी दाव्यात असं सहसा चालत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 ची आहे. तिच्यात आदेश 11 म्हणून एक प्रकरण आहे. पुरावा सुरू होण्याआधी दोन्ही बाजूंना एकमेकांचे कागद कळावेत, अशी व्यवस्था त्यात केलेली आहे. वकील मंडळी त्याला डिस्कव्हरी म्हणतात.

त्यात मुख्यतः तीन गोष्टी येतात. पहिली, तुमच्याकडे या वादाशी संबंध असलेले कोणकोणते कागद आहेत ते शपथेवर सांगा, असा हुकूम एक बाजू दुसरीविरुद्ध कोर्टाकडून मागू शकते. दुसरी, अमुक एक कागद कोर्टात हजर करा, असा हुकूम कोर्ट दावा चालू असताना केव्हाही देऊ शकतं. तिसरी, समोरच्याने आपल्या कैफियतीत किंवा प्रतिज्ञापत्रात एखाद्या कागदाचा उल्लेख केला असेल, तर तो दाखवा आणि नक्कल करू द्या, अशी नोटीस सरळ देता येते. त्याने दाखवला नाही, तर तो कागद पुढे स्वतःच्या बाजूने वापरायला त्याला अडचण येते. त्याला योग्य कारण कोर्टाला पटवून द्यावं लागतं.

हे कळल्यावर आम्हाला मोठा उत्साह आला. त्या वेळच्या समितीने एका रविवारी बसून मागायच्या कागदांची यादी केली. 41 कागद! त्यात बिल्डरची इन्कम टॅक्सची रिटर्न होती, बँकेची पासबुकं होती, त्याच्या गाडीचे कागदसुद्धा होते, कारण ती गाडी आपल्या गेटसमोर उभी असायची. वकीलसाहेबांनी यादी वाचली आणि पेन उघडलं. म्हणाले, "हे मासे पकडायला जाळं टाकल्यासारखं झालं. कोर्ट विचारेल, या कागदाचा दाव्यातल्या कोणत्या मुद्द्याशी संबंध? प्रत्येक कागदापुढे एक ओळ उत्तर लिहा. जिथे लिहिता येणार नाही, तो कागद खोडा."

41 चे सहा राहिले. मंजूर नकाशा आणि बांधकाम परवानगी. वापर परवान्यासाठी त्याने केलेला अर्ज. जमीनमालकाबरोबरचा विकसन करार. फर्निचरवाल्याबरोबरचा भाडेकरार आणि पावत्या. शेडचं वीजबिल. आणि सहावा, त्याच्या 12 मार्च 2001 च्या पत्राची त्याच्याकडची स्थळप्रत आणि त्या वर्षाची जावक नोंदवही.

याच वेळी वकीलसाहेबांनी आणखी एक गोष्ट सांगितली. जो कागद सरकारी कचेरीतून आपल्याला मिळू शकतो, तो समोरच्याकडून यायची वाट बघत बसू नका. मंजूर नकाशाची प्रमाणित प्रत आपण माहिती अधिकारात महापालिकेकडून काढली. ती आपल्या हातात होती, म्हणून बिल्डरने पुढे नकाशा हजर करायला टाळाटाळ केली तेव्हा आपलं काही अडलं नाही. मूळ रेकॉर्ड दाखवायला नंतर महापालिकेच्या कर्मचाऱ्याला समन्स निघालं. ते साहेब फाईल घेऊन आले, दाखवली आणि परत गेले. नुसता कागद हजर करण्यासाठी असं समन्स काढता येतं.

सहाव्या कागदाची आपल्याला सगळ्यात जास्त गरज होती. पत्राची मूळ प्रत आपल्याकडे आली होती, पण आता ती नव्हती. 26 जुलै 2005 चा पूर कल्याणकरांना सांगायला नको. उल्हास नदीचं पाणी शिरलं, तळमजल्यावरच्या आपल्या ऑफिसात कमरेएवढं पाणी. लोखंडी कपाटातल्या खालच्या दोन कप्प्यांतल्या फाईलींचा लगदा झाला. आवक पत्रांची फाईल त्यातच गेली.

मिनिट बुक वाचलं. कारण त्या आठवड्यात इतिवृत्त पक्कं लिहायला मी ते घरी नेलं होतं, तिसऱ्या मजल्यावर.

इथपर्यंत सगळं समोरच्याकडून मागण्यापुरतं होतं. मग 2011 मध्ये बिल्डरच्या वकिलांनीही आपल्याविरुद्ध तोच अर्ज केला. सोसायटीनेही आपले कागद शपथेवर जाहीर करावेत. कोर्टाने दोघांनाही हुकूम दिला. सोसायटीतर्फे प्रतिज्ञापत्र मी करायचं, असं ठरलं.

त्या प्रतिज्ञापत्राचा नमुना संहितेच्या परिशिष्टात छापलेला आहे. फार साधा आणि फार कडक. त्याला दोन परिशिष्टं जोडायची. पहिल्याचे दोन भाग. एका भागात आपल्याकडे असलेले आणि दाखवायला हरकत नसलेले कागद. दुसऱ्या भागात आपल्याकडे आहेत, पण दाखवायला आमची हरकत आहे, असे कागद, हरकतीच्या कारणासह. दुसऱ्या परिशिष्टात पूर्वी आपल्याकडे होते पण आता नाहीत ते कागद, ते शेवटी केव्हा होते आणि पुढे त्यांचं काय झालं. आणि शेवटी शपथेवर लिहायचं, की याखेरीज माझ्याकडे या वादासंबंधी दुसरा कोणताही कागद नाही आणि कधी नव्हता.

म्हणजे 14 मार्च 2001 चं मिनिट बुकाचं पान पहिल्या भागात यायला हवं होतं.

या पानावरून समितीची सभा झाली. ती ए विंगमध्ये, बाईंच्या हॉलमध्ये झाली. बाई म्हणजे आपल्या शाळेतून निवृत्त झालेल्या बाई, आज समोर पहिल्या रांगेत बसल्या आहेत. मी पान वाचून दाखवलं. शांतता. मग एक जण म्हणाले, "हे दिलं तर आपण आपल्या हातानं त्याला जागा दिली असं होईल." दुसरे म्हणाले, "त्याने कैफियतीत ठरावाची तारीखसुद्धा लिहिलेली नाही. त्याच्याकडे हा कागद असता तर लिहिली नसती का?" आणि तिसरं वाक्य आलं, ते कोणाचं ते मी सांगणार नाही, आपल्यातलेच होते, भले माणूस होते. "26 जुलैला एवढं गेलं, त्यात हेही गेलं म्हणा. कोण बघायला आलंय?"

आता मी खरं सांगतो. ते वाक्य ऐकून मला बरं वाटलं. कारण ते पान गेलं असतं तर माझी चूकही गेली असती. गेली दहा वर्षं माझ्या घाईमुळे सोसायटीला हे भोगावं लागतंय, हे मला एकट्याला नीट माहीत होतं. पुराचं निमित्त तर खरंच होतं. फाईली खरंच गेल्या होत्या. एक वही आणखी धरायची, एवढंच. मी काही बोललो नाही. चांगला मिनिटभर बोललो नाही.

बाई म्हणाल्या, "शपथ कोण घेणार आहे?"

मी म्हटलं, "मी."

"मग तुम्हीच ठरवा," एवढं बोलून त्या चहा ठेवायला आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी मी वकीलसाहेबांकडे गेलो. त्यांना सभेत काय झालं ते सांगितलं. ते रागावले नाहीत. म्हणाले, "हा प्रश्न प्रत्येक पक्षकार मला विचारतो. फरक एवढाच, की तुम्ही आधी विचारलात." मग त्यांनी तीन गोष्टी सांगितल्या, त्या मी वहीत लिहून घेतल्या होत्या.

पहिली गोष्ट. ठरावाची नक्कल तुम्ही बिल्डरला दिली होती का? मला आठवेना. दिली असेलही. वकीलसाहेब म्हणाले, "आपण यादीत न दिलेला कागद समोरची बाजू तुमच्या उलटतपासणीत तुमच्यापुढे ठेवू शकते. त्यासाठी तो आधी दाखल केलेला असावा लागतो असं नाही. त्या वेळी तुम्ही पिंजऱ्यात उभे असाल आणि सही तुमची असेल."

दुसरी गोष्ट. कागद जाहीर करण्याचा किंवा दाखवण्याचा हुकूम वादीने पाळला नाही, तर दावाच काढून टाकला जाऊ शकतो. प्रतिवादीने पाळला नाही, तर त्याचा बचाव खोडला जाऊ शकतो. म्हणजे एका पानासाठी सगळा दावा धोक्यात.

तिसरी गोष्ट. 1993 साली सर्वोच्च न्यायालयाने एक निकाल दिला. त्यात वादीने स्वतःच पूर्वी करून दिलेलं सोडपत्र कोर्टापुढे न ठेवता हुकूमनामा मिळवला होता. सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की महत्त्वाचा कागद दडवून मिळवलेला हुकूमनामा हा कोर्टाची फसवणूक करून मिळवलेला आहे, तो टिकत नाही. "समजा तुम्ही जिंकलात," वकीलसाहेब म्हणाले, "आणि दहा वर्षांनी ती नक्कल कुठल्या तरी फाईलमधून बाहेर आली, तर?"

मी पान पहिल्या भागात टाकलं. बिल्डरचं हरवलेलं पत्र दुसऱ्या परिशिष्टात टाकलं आणि पुढे लिहिलं, 26 जुलै 2005 च्या पुरात नष्ट. वकीलसाहेबांशी झालेला आपला पत्रव्यवहार पहिल्याच्या दुसऱ्या भागात टाकला. आहे म्हणून सांगितलं, पण दाखवणार नाही असंही सांगितलं, कारण पक्षकार आणि वकील यांच्यातलं बोलणं कायद्याने गोपनीय आहे. हा फरक तेव्हा मला पहिल्यांदा कळला. कागद नाही म्हणून सांगणं खोटं होतं. कागद आहे पण दाखवायला हरकत आहे, असं उघड सांगणं हा आपला हक्क होता.

मग पाहणी. हिशेबाची किंवा रोजच्या वापरातली पुस्तकं असतील, तर ती जिथे नेहमी ठेवली जातात तिथेच पाहणीला द्यावी, अशी संहितेत सोय आहे. म्हणून बिल्डरचे ज्युनियर वकील आणि त्याचा एक कारकून शनिवारी दुपारी आपल्या ऑफिसात आले. वादाशी संबंध नसलेली पानं दोन्ही वकिलांच्या संमतीने क्लिपा लावून बंद केली होती. नाहीतर पाण्याच्या वेळेवरून आणि कुत्र्यांवरून झालेली आपली सगळी भांडणं त्यांनी वाचली असती. त्यांनी पान पाहिलं, नक्कल घेतली. आपण चहा दिला. वैर कागदांचं होतं, पाहुण्यांशी नव्हतं.

बिल्डरच्या प्रतिज्ञापत्रात 12 मार्चच्या पत्राचा उल्लेखच नव्हता. असं पत्र आम्ही दिलं नाही, असं त्याचं म्हणणं. आणि इथे आपलं ते पान उपयोगी पडलं. त्या पानावरची पहिलीच ओळ होती, बिल्डर यांच्या 12 मार्चच्या पत्रावर चर्चा झाली. जे पान लपवायचं चाललं होतं, त्यातच त्याच्या पत्राची तारीख होती. ते आपण दाखवलं, म्हणूनच पत्र खरोखर आलं होतं असं आपण कोर्टाला सांगू शकलो. वही गेली म्हटलं असतं, तर पत्रही गेलं असतं.

पत्राची स्थळप्रत आणि जावक नोंदवही हजर करण्याचा हुकूम कोर्टाने दिला. बिल्डरने उत्तर दिलं, जुन्या फाईली निकालात काढल्या.

2014 मध्ये माझी उलटतपासणी झाली. पहिला अर्धा तास इकडचं तिकडचं. मग बिल्डरच्या वकिलांनी एक झेरॉक्स पुढे केली. त्या ठरावाचीच. माझ्या सहीने, सोसायटीच्या शिक्क्याने दिलेली नक्कल. 2001 पासून त्यांच्याकडे होती!

"ही सही कुणाची?"

"माझी."

"हा ठराव सोसायटीने केला होता?"

"हो. तो आम्हीच या कोर्टात यादीने हजर केलेला आहे."

ते थांबले. पुढचे प्रश्न त्यांनी कदाचित वेगळे लिहून आणले असतील. मला एवढंच आठवतं, की माझे पाय कापत होते. ती झेरॉक्स पाहताना, तीन वर्षांपूर्वी बाईंच्या हॉलमध्ये मी गप्प बसलो होतो तो मिनिट आठवला.

बिल्डरची उलटतपासणी आपल्या वकीलसाहेबांनी घेतली. तेव्हा त्यांनी तीनच प्रश्न या विषयावर विचारले. तुमच्या ऑफिसातून जाणाऱ्या पत्रांची जावक नोंदवही ठेवता का? हो. 2001 ची ठेवली होती का? हो, गोदामात असेल. आज आणली आहे का? नाही. बस्स. आधी निकालात काढली म्हणून सांगितलेली वही आता गोदामात होती.

युक्तिवादात वकीलसाहेबांनी आपल्या कल्याणजवळच्याच मलंगगडाच्या एका जमिनीचा निकाल दाखवला. सर्वोच्च न्यायालयाचा, 1968 चा. जमीन दर्ग्याची की खाजगी, असा तो वाद. जमीन माझी म्हणणाऱ्याने उत्पन्नाचा हिशेब ठेवलेला आहे असं कबूल केलं होतं, पण हिशेब कोर्टात आणला नाही. न्यायालयाने म्हटलं, की सिद्ध करण्याची जबाबदारी कुणावरही असो, ज्याच्या हातात उत्तम पुरावा आहे त्याने तो दडवला, तर तो त्याच्या विरुद्ध आहे असं समजता येतं. पुराव्याच्या जुन्या कायद्यात हे कलम 114 मध्ये होतं. जुलै 2024 पासून नवा भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यात ते कलम 119 मध्ये आहे.

2016 मध्ये निकाल लागला. कोर्टाने मानलं, की परवानगी दिली होती, पण ती तात्पुरती होती आणि 2009 च्या नोटिशीने संपली. शेड काढून जागा मोकळी करावी. हा आपला विजय.

पण दुसरी बाजूही सांगायला हवी. 2001 ते 2009 ची नुकसानभरपाई कोर्टाने नामंजूर केली. परवानगी तुम्हीच दिली होती, मग त्या काळाची भरपाई कशी, असं कोर्टाचं म्हणणं, आणि ते बरोबर होतं. म्हणजे त्या पानाने आपलं नुकसानही केलं. पुढे अपील झालं आणि 2018 मध्ये तिथे तडजोड झाली. बिल्डरने स्वखर्चाने शेड काढायची आणि सोसायटीने 2009 नंतरची भरपाई आणि दाव्याचा खर्च सोडायचा. काहींना तेव्हा वाटलं, आजही वाटतं, की आपण फार सोडलं. त्यांचं चूक आहे असं मी म्हणणार नाही. मी तीन शब्द लिहिले असते तर कदाचित दावाच लागला नसता. त्या चुकीबद्दल मी त्या वेळी सर्वसाधारण सभेत माफी मागितली होती. नवीन सभासदांसाठी आज पुन्हा मागतो.

आता तरुण समितीला चार गोष्टी सांगतो आणि थांबतो.

इतिवृत्त सभा संपल्यावर लगेच लिहा आणि सभेपुढे वाचा. परवानगी दिली तर मुदत लिहा, अट लिहा, ज्या पत्रावर दिली त्या पत्राची तारीख लिहा. सेक्रेटरी बदलला की दप्तर मोजून, यादी करून, दोघांच्या सह्यांनी द्या-घ्या. आणि दप्तर तळमजल्यावर ठेवू नका. आता ते पहिल्या मजल्यावर आहे. स्कॅनसुद्धा केलेलं आहे, हे चांगलं.

दुसरं, आता बरेच निर्णय व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर होतात. वाद उभा राहिला, की लोक आधी मेसेज डिलीट करतात. करू नका. तेही कागदच आहेत. कोर्टात ते दाखवायला कायद्याने ठरवून दिलेलं प्रमाणपत्र लागतं, पण आधी ते शिल्लक असायला हवेत. मोठ्या व्यापारी दाव्यांसाठी 2015 मध्ये वेगळा कायदा झाला. तिथे तर आता दावा लावतानाच वादासंबंधीचे आपल्याकडचे सगळे कागद जाहीर करावे लागतात, मग ते आपल्या बाजूचे असोत की विरुद्ध. आमच्या वेळी जे मागून मिळवावं लागलं, ते तिथे सुरुवातीलाच द्यावं लागतं.

तिसरं, सभासद दप्तर बघायला आला, तर समितीने तोंड वाकडं करू नये. सोसायटीचे पोटनियम, ताळेबंद, सभासदांची नोंदवही, सभांची इतिवृत्तं आणि आपल्या स्वतःच्या व्यवहाराच्या नोंदी पाहण्याचा हक्क सहकार कायद्याने सभासदाला दिलेला आहे. लेखी अर्ज करून, ठरलेली फी भरून नक्कलही मिळते. बिल्डरच्या कारकुनाला आपण चहा देऊन वही दाखवली. मग स्वतःच्या सभासदाला का नाही?

चौथं, समोरच्याकडे कागद मागताना नेमका मागा, आणि आपल्याकडचा अवघड कागद आपल्या वकिलाला सगळ्यात आधी दाखवा. तो लपवून फायदा होईल असं वाटतं. मलाही वाटलं होतं.

ते मिनिट बुक मी आज घेऊन आलो आहे. पान थोडं पिवळं पडलंय, डाव्या कोपऱ्यावर कोर्टाच्या निशाणीचा आकडा आहे. जेवण झाल्यावर ज्याला पाहायचं त्याने टेबलाशी यावं. मुलांनी हात पुसून यावं. वही उद्या परत कपाटात जाईल, आणि नवीन सेक्रेटरींकडून मी पोच घेईन.

बाई, त्या दिवशी तुम्ही तो एक प्रश्न विचारलात, त्याबद्दल मी तुमचे आभार कधी मानले नव्हते. आज सगळ्यांसमोर मानतो.

नऊ वाजत आले. पंगत मांडा.